संथ चित्रणातले शरीर आणि मरण : बिल व्हायोला यांच्या कलाकृतींकडे कसे पाहावे?

निशिगंध

अमेरिकेतील व्हिडिओ-कलावंत बिल व्हायोला १२ जुलै २०२४ रोजी वयाच्या ७३व्या वर्षी वारले, तेव्हापासून हा धागा काढायचे मनात होते. जन्म, शरीर, पाणी, अग्नी आणि मरण या मोजक्या गोष्टींभोवती त्यांचे जवळजवळ आयुष्यभराचे काम फिरत राहिले. त्यांच्या बऱ्याच कलाकृतींमध्ये माणसांची हालचाल इतकी संथ असते की पहिले मिनिटभर आपण भिंतीवर टांगलेले चित्रच पाहत आहोत असे वाटते.

त्यांची 'नांत ट्रिप्टिक' (१९९२) ही ब्रिटनमधील टेट या कलासंग्रहालयाच्या संग्रहातील कलाकृती मी लंडनमध्ये पाहिली होती. फ्रान्समधील नांत शहराच्या कलासंग्रहालयाच्या सतराव्या शतकातील चॅपेलसाठी (छोट्या प्रार्थनागृहासाठी) ती मुळात केलेली आहे. शेजारी शेजारी तीन मोठे पडदे असतात. डावीकडे एक तरुणी बाळंत होत असते, उजवीकडे व्हायोला यांची स्वतःची आई मरणशय्येवर असते आणि मधल्या पडद्यावर कपड्यांनिशी पाण्याखाली असलेला एक पुरुष कधी हातपाय हलवतो, कधी नुसता तरंगत राहतो. सुमारे अर्धा तास हे चालते आणि बाळंतिणीचा आक्रोश, आईचा श्वास व पाण्याचा आवाज एकमेकांत मिसळून खोलीभर पसरलेले असतात.

त्या अर्ध्या तासात मी जागची हलले नाही, हे खरे. बाहेर पडल्यावर मात्र शंका येऊ लागली. मरणाचे नाव निघाले की माणसांचा आवाज आपोआप खाली येतो. त्यात अंधारी खोली, माणसाहून मोठा पडदा आणि संथ गती यांची भर पडली की बघणाऱ्याला गंभीर वाटणारच. ते गांभीर्य कलावंताने कमावलेले असते की विषयाकडून उसने घेतलेले असते? सोप्या शब्दांत विचारायचे तर, मरणाला गती कमी करून भिडणे ही दृष्टी आहे की युक्ती? ज्यांनी ही कामे प्रत्यक्ष पाहिली आहेत त्यांनी लिहावेच, आणि ज्यांनी पाहिली नाहीत त्यांनीही संकोच करू नये.

खडूस_काका

प्रश्न रास्त आहे आणि माझे उत्तर 'युक्ती' असे आहे. गती कमी केली की कोणतीही गोष्ट महत्त्वाची दिसू लागते. शाम्पूच्या जाहिरातीत केस झटकणारी तरुणी, क्रिकेटच्या प्रक्षेपणात स्टंपवरून उडणारी बेल, आणि आपल्या मालिकांमध्ये सूनबाईंनी एक वाक्य उच्चारल्यावर घरातील झाडून सगळ्यांचे आळीपाळीने, प्रत्येकी तीन-तीनदा दाखवले जाणारे चकित चेहरे, या सगळ्यांत तंत्र हेच आहे. व्हायोला यांच्या 'क्विंटेट ऑफ द अ‍ॅस्टॉनिश्ड' (२०००) या कामात पाच माणसे दाटीवाटीने उभी राहून सुमारे पंधरा मिनिटे चकित आणि दुःखी होत राहतात. मालिकेत निदान मध्ये जाहिराती तरी येतात.

वाचनमात्र

काका, जाहिरातीत पुन्हा शाम्पूवालीच येणार, म्हणजे तुमची संथ गतीतून सुटका नाही!

कृष्णधवल

मी छायाचित्रणाच्या व्यवसायात आहे, म्हणून काकांच्या उदाहरणापुरता आक्षेप नोंदवतो. मालिकेतील चेहरा नेहमीच्या वेगाने, म्हणजे सेकंदाला २५ फ्रेमने (सुट्या स्थिर चित्रांनी) टिपलेला असतो आणि संकलनाच्या टेबलावर त्याची गती खाली ओढलेली असते. त्या वेळी यंत्र जुन्याच फ्रेम पुन्हा दाखवते किंवा दोन फ्रेमच्या मध्ये एक अंदाजपंचे फ्रेम घालते. पडद्यावरचा वेळ वाढतो, पण चेहऱ्याविषयीची माहिती रतीभरही वाढत नाही. व्हायोला यांनी १९९५ च्या व्हेनिस बिएनाले या कलाप्रदर्शनासाठी केलेल्या 'द ग्रीटिंग' या कामात ३५ मिलिमीटर फिल्म सेकंदाला सुमारे ३०० फ्रेम या वेगाने चालवली होती. ती २४ च्या वेगाने दाखवली की प्रत्येक सेकंदाचे साडेबारा सेकंद होतात, आणि त्या साडेबारा सेकंदांतील प्रत्येक फ्रेम खरोखर घडलेल्या क्षणाची असते.

हिशेब करून पाहा. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम मावतात, म्हणजे हजार फुटांच्या रिळात सोळा हजार. ३०० च्या वेगाने ते रीळ ५३ सेकंदांत संपते, आणि कॅमेरा वेग पकडेपर्यंत त्यातीलही थोडी फिल्म वाया जाते. 'द ग्रीटिंग'मधील प्रसंग प्रत्यक्षात सुमारे ४५ सेकंदांचा आहे आणि पडद्यावर तो दहा मिनिटांच्या आसपास चालतो. इतक्या वेगात एकेका फ्रेमच्या वाट्याला सेकंदाचा सहाशेवा भाग येतो, त्यामुळे नेहमीच्या बारापट प्रकाश लागतो. त्या भट्टीत उभे राहून नटांनी नेहमीच्याच गतीने वागायचे असते. हळू हलण्याचा अभिनय कुणीही करत नाही. संथपणा सगळा कॅमेऱ्याच्या पोटात तयार होतो.

दुपारचा_चहा

'द ग्रीटिंग' मी पाहिले आहे, आणि कृष्णधवल म्हणतात ती जास्तीची माहिती कुठे दिसते ते सांगू शकते. फ्लॉरेन्सजवळच्या कार्मिन्यानो गावातील चर्चमध्ये पोंतोर्मो या इटालियन चित्रकाराचे सोळाव्या शतकातील 'व्हिजिटेशन' (मेरी आणि एलिझाबेथ यांची भेट) हे चित्र आहे, त्याच्यावरून ही रचना सुचलेली आहे. दोन स्त्रिया रस्त्यात बोलत उभ्या असतात. तिसरी, गरोदर असलेली, वाऱ्यावर वस्त्रे उडवत येते, त्यांतील एकीला मिठी मारते आणि तिच्या कानाशी काहीतरी कुजबुजते. उरलेली स्त्री एकटी पडते. तिच्या चेहऱ्यावर शिष्टाचाराचे हसू यायच्या आधी काहीतरी सरकून जाते, भुवया किंचित वर जातात, ओठ आवळले जातात आणि डोळे क्षणभर बाजूला वळतात. समारंभात आपल्याला वगळून दोघी बोलू लागल्या की आपलाही चेहरा असाच होत असणार, पण तो इतक्या लवकर सावरला जातो की समोरच्याला काही दिसत नाही. इथे ते दिसते, आणि मला ते पाहून ओशाळल्यासारखे झाले.

खडूस_काका

माहिती वाढते हे मान्य. पण ती कशाची माहिती? अभिनेत्यांना अमुक भावना दाखवा असे सांगितलेले होते. मरणाऱ्या आईचा चेहरा दाखवलात तर मी मान खाली घालीन. मानधन देऊन आणलेल्या नटाचे अश्रू तीनशे फ्रेमने टिपले म्हणून ते खरे होत नाहीत. आणि धाग्याचा विषय मरण आहे, रस्त्यातील रुसवाफुगवा नव्हे.

रात्रपाळी

मी परिचारिका आहे आणि बरीच वर्षे असाध्य आजाराच्या रुग्णांच्या कक्षात काम करते. व्हायोला यांचे नाव या धाग्यामुळेच कळले, त्यामुळे कलेविषयी बोलण्याचा अधिकार मला नाही, पण मरणाच्या गतीविषयी थोडे लिहिते.

शेवटच्या दिवसांत पुष्कळ रुग्णांचा श्वास एका ठरावीक पद्धतीने बदलतो. काही श्वास खोल होत जातात, मग उथळ होत जातात आणि मग श्वास थांबतोच. दहा-वीस सेकंदांनी, कधी त्याहूनही उशिरा, तो पुन्हा सुरू होतो. वैद्यकात याला चेन-स्टोक्स श्वसन म्हणतात. नातेवाइकांना हे आधी समजावून सांगावे लागते, कारण प्रत्येक थांब्याला त्यांना वाटते की संपले. त्या थांब्यात खोलीतील सगळी माणसे स्वतःचा श्वास रोखून धरतात, हे मी नेहमी पाहते. रुग्णाचे ओठ कोरडे पडतात, ते आम्ही ओल्या बोळ्याने पुसतो; पावले गार पडत वर येतात, गुडघ्यांवर निळसर जाळी दिसू लागते. या सगळ्याला तास लागतात, कधी दिवस लागतात. त्याची गती कुणी मुद्दाम कमी करायची गरज नसते.

आणखी एक. अतिदक्षता विभागात खाटेजवळ मॉनिटर असतो, आणि घरची माणसे रुग्णाच्या चेहऱ्याऐवजी त्याच्याकडे पाहत बसतात. आकडा घसरला की दचकतात, रेघ हलली की हायसे वाटते. मी अनेकदा सांगते, मावशी, तिकडे पाहू नका, यांचा हात धरा. निशिगंध यांनी वर्णन केलेल्या खोलीत पडद्यावर आकड्याच्या जागी आईचा चेहरा आहे आणि लोक अर्धा तास त्या चेहऱ्याकडे पाहतात, हे वाचून मला बरे वाटले.

निशिगंध

रात्रपाळी, तुमच्या प्रतिसादाने माझ्या प्रश्नाची जागा बदलली. नांतच्या त्या तीन पडद्यांपैकी बाजूचे दोन्ही दस्तऐवजी चित्रणाचे आहेत, खऱ्या प्रसूतीचे आणि खऱ्या मरणशय्येचे. संथ आणि स्वप्नासारखा भासतो तो मधला, पाण्यातला पुरुष. तो पारदर्शक पडद्यावर पडत असल्याने धूसर आणि दुहेरी दिसतो. माझ्या अंगावर काटा आला होता तो बाजूच्या दोन्हींमुळे, आणि शंका आली ती मधल्यामुळे, असे आता लक्षात येते आहे.

तिसरी_घंटा

मला वेगळीच गोष्ट खटकते आणि आश्चर्य वाटते की ती अजून कुणी काढली नाही. आई कोमात आहे. तिचे चित्रण करू का असे तिला विचारण्याची सोय नाही. मुलाने कॅमेरा लावला, आणि आज तीस वर्षांनंतरही अनोळखी माणसे तिकीट काढून तिचा उघडा पडलेला जबडा पाहत आहेत. आमच्याकडे आजी गेली तेव्हा एका नातेवाइकाने मोबाइल काढला होता, तेव्हा आत्याने तो हातातून हिसकावून घेतला होता. कलावंत असल्याने मुलाला हा अधिकार कसा मिळतो?

दुपारचा_चहा

तिसरी_घंटा, हा प्रश्न टाळता येणार नाही. एवढेच सांगते की ते चित्रण प्रदर्शनासाठी म्हणून ठरवून केलेले नव्हते. आई १९९१ मध्ये गेली, आणि त्याच वर्षी त्यांनी 'द पासिंग' ही कृष्णधवल चित्रफीत तिच्या स्मरणार्थ पूर्ण केली. त्यांच्या धाकट्या मुलाचा जन्मही त्याच वर्षीचा. १९९२ मध्ये त्यांनी 'हेवन अँड अर्थ' केले, त्यात मला तुमच्या आक्षेपाचे थोडे उत्तर सापडते. जमिनीपासून एक आणि छतापासून एक असे दोन लाकडी खांब एकमेकांसमोर येऊन मध्ये काही इंचांची फट ठेवून थांबतात. प्रत्येकाच्या टोकाला कवच काढलेली, उघडी टीव्हीची नळी आहे. एका काचेवर मरणारी आई, दुसऱ्या काचेवर नवजात मुलगा. काचा इतक्या जवळ आहेत की आजीच्या चेहऱ्यावर नातवाचे प्रतिबिंब पडते आणि नातवाच्या चेहऱ्यावर आजीचे. ते पाहायला वाकावे लागते, आणि एका वेळी एक-दोन माणसेच वाकू शकतात. गर्दीसमोर ते मांडलेले नाही.

तिसरी_घंटा

वाकून पाहायला लावले म्हणून संमतीचा प्रश्न मिटत नाही, पण मोठ्या पडद्यापेक्षा हे मला पुष्कळ सुसह्य वाटते. आत्यालाही वाटले असते की नाही, हे सांगता येत नाही.

जुना_रेडिओ

थोडे अवांतर, पण विषयाला धरून. 'हेवन अँड अर्थ'मध्ये ज्या काचेच्या नळ्या आहेत त्या आता कुणी बनवत नाही. एक नळी गेली की संग्रहालयाला जुन्या साठ्यातून दुसरी शोधावी लागते. सपाट पडदा लावून भागणार नाही, कारण काचेचा तो किंचित फुगीर आकार आणि त्याच्यावर पडणारे प्रतिबिंब हेच तर काम आहे. शिवाय चुंबकीय फितीवरचे चित्रण वर्षागणिक खराब होत जाते, म्हणून दर काही वर्षांनी ते नव्या साधनावर उतरवून घ्यावे लागते. मी आयुष्यभर टीव्ही दुरुस्त केले. पिक्चर ट्यूब म्हातारी झाली की आधी रंग फिके पडतात, मग चित्र मंद होते, आणि सेट सुरू केल्यावर चेहरा उजळायला वेळ लागू लागतो. मरणावरच्या कामाला मरणारे यंत्र मिळाले आहे.

मालवणचो_वारो

पाण्याविषयी मला बोलायचे आहे. 'द ड्रीमर्स' (२०१३) या कामाची छायाचित्रे आणि काही सेकंदांचे तुकडे मी पाहिले. सात उभ्या पडद्यांवर सात माणसे पाण्याखाली डोळे मिटून शांत आहेत, तोंडातून मधूनच बुडबुडे येतात, कपडे अलगद हलतात. किती सुंदर, असे सगळे लिहितात.

मी किनाऱ्यावर वाढले आहे. आमच्याकडे दर पावसाळ्यात कुणी ना कुणी जाते. बुडणारा माणूस ओरडतही नाही, कारण तोंड पाण्यावर येते तेवढ्या वेळात त्याला श्वास घ्यायचा असतो. दोन्ही हात पाणी खाली दाबत राहतात, मान मागे जाते, आणि मिनिटभरात सारे संपते. नंतर समुद्र जे परत देतो ते पाहिलेल्या माणसाला पाण्याखालचे शांत चेहरे पाहून राग येतो. आमच्या आळीतील एका घरातील बाई अजूनही समुद्राकडे तोंड करून बसत नाहीत. बुडण्याला इतके देखणे करण्याचा अधिकार मला मान्य नाही.

लंडनकर_जोशी

मालवणकर ताई, तुमच्या रागापुढे वाद घालणार नाही. पाणी त्यांच्याकडे असे का येते, याची फक्त माहिती देतो. सहा वर्षांचे असताना ते एका तळ्यात बुडता बुडता वाचले होते. तळाशी गेल्यावर भीती न वाटता हिरवानिळा प्रकाश आणि हलणाऱ्या वनस्पती दिसल्या, तिथेच राहावेसे वाटले, आणि मामाकाकांपैकी एकाने ओढून वर काढले, असे ते आयुष्यभर सांगत आले. म्हणजे त्यांच्या पाण्याच्या कामांमागे वाचलेल्या मुलाची आठवण आहे.

पण मी तुमच्या बाजूने एक गोष्ट सांगतो. २०१९ मध्ये लंडनच्या रॉयल अकॅडमीने व्हायोला यांची बारा मोठी कामे आणि मायकेलअँजेलोची रेखाचित्रे शेजारी शेजारी मांडली होती. बऱ्याच समीक्षकांनी त्या प्रदर्शनाचा खरपूस समाचार घेतला, आणि माझ्या मते त्यात तथ्य होते. एका बाजूला भिंतभर कोसळणारे पाणी, ज्वाळा, अंधार. दुसऱ्या बाजूला वहीच्या कागदाएवढ्या तुकड्यावर खडूने काढलेला, क्रूसावर खिळलेला देह. त्या लहान कागदावर म्हाताऱ्या चित्रकाराच्या रेषा कापऱ्या झाल्या आहेत, एकाच बाहेरेषेवर तीन-चारदा हात फिरला आहे, आणि त्यातून शरीराचे असे ओझे जाणवते की पलीकडच्या पाच मीटरच्या पडद्याकडे पाहवेना. आवाज मोठा केला म्हणून बोलणे खोल होत नाही. व्हायोला यांची लहान कामे त्यांच्या भव्य कामांपेक्षा मला नेहमीच जास्त भिडली आहेत.

कृष्णधवल

शरीराचे ओझे म्हणालात म्हणून 'इमर्जन्स' (२००२) आठवले. इटलीतील एम्पोली येथील, मासोलिनो या चित्रकाराच्या १४२४ सालच्या भित्तिचित्रावरून ते सुचले. दोन स्त्रिया एका संगमरवरी हौदाच्या दोन बाजूंना बसलेल्या असतात. हौद भरून वाहू लागतो आणि आतून एका तरुणाचा पांढराफटक देह वर येतो. क्षणभर तो उभा राहतो आणि मग कोलमडतो. दोघी त्याला झेलतात, जमिनीवर ठेवतात, वस्त्राने झाकतात. तो जन्मतो आहे की बुडून मेला आहे, हे शेवटपर्यंत स्पष्ट होत नाही. त्याला झेलताना त्यांतील एकीची मनगटे वळतात आणि खांदा खाली जातो, ते पाहा. निर्जीव शरीर उचलण्याची सवय नसलेल्या माणसाचा खांदा नेमका असाच जातो. हा अभिनय नव्हे, खरे वजन आहे. काकांच्या 'मानधन दिलेल्या नटा'ला तिथे खोटे वागायला वेळच मिळालेला नाही.

रात्रपाळी

खांद्याविषयीचे निरीक्षण अगदी बरोबर आहे. नव्या मुलींना आम्ही आधी हेच शिकवतो की मृत देह वळवताना पाठीऐवजी गुडघ्यांतून वाका.

औदुंबर

माझे वय सत्तरीपुढे आहे, त्यामुळे माझी आवड वेगळी असेल. २०१३ मधील 'मॅन सर्चिंग फॉर इमॉर्टॅलिटी / वुमन सर्चिंग फॉर इटर्निटी' हे दोन भागांचे काम मी मुलाकडे परदेशी गेलो असताना पाहिले. काळ्या ग्रॅनाइटच्या माणसाहून उंच अशा दोन शिळांवर चित्रण पडते. अंधारातून एक वृद्ध पुरुष आणि एक वृद्ध स्त्री संपूर्ण विवस्त्र पुढे येतात. हातात छोटी विजेरी असते. मग ती दोघे आपापल्या शरीरावर विजेरीचा प्रकाश फिरवत राहतात. दंड, काख, पोटाची वळी, मांडीच्या आतली बाजू, पावले, कुठे काही गाठ, डाग, खूण दिसते का ते तपासतात. घाई अजिबात नाही. शेवटी दोघेही दगडात विरून जातात.

बायपास झाल्यानंतर पहिल्या अंघोळीच्या वेळी न्हाणीघराची कडी लावून मी माझे शरीर असेच पाहिले होते. छातीवरची टाक्यांची रेघ, पायातून शीर काढून घेतली तिथला खड्डा. डॉक्टरांनी पाहिले होते, बायकोने पाहिले होते, मी स्वतः पाहायचे टाळत होतो. पडद्यावरच्या त्या म्हाताऱ्याला कुणी दुःखी व्हायला सांगितलेले नाही, तो फक्त शोधतो आहे. खडूस काका, इथे तरी युक्ती कुठे आहे ते दाखवा.

खडूस_काका

औदुंबरराव, इथे माझ्याकडे उत्तर नाही. हे काम पाहायला हवे.

वाचनमात्र

दिनांक लिहून ठेवावा, काकांनी वाद सोडला.

सप्तपदी

आणखी एक काम राहिले आहे, ज्याचे वर्णन वाचल्यावर मराठी माणसाला ते समजावून सांगावे लागणार नाही. 'ऑब्झर्व्हन्स' (२००२). उभ्या पडद्यावर माणसांची रांग संथपणे आपल्या दिशेने येते. पुढे आलेला माणूस पडद्याच्या खालच्या कडेपलीकडे, आपल्याला न दिसणाऱ्या कशाकडे तरी पाहतो, त्याचा चेहरा बदलतो, मागचा त्याच्या खांद्याला हात लावतो, आणि तो वळून मागे जातो. ११ सप्टेंबर २००१ च्या हल्ल्यानंतरच्या दिवसांत ते आकाराला आले. ही सरळसरळ अंत्यदर्शनाची रांग आहे. फक्त आपण नेहमी रांगेत असतो, आणि इथे आपल्याला जिथे उभे केले आहे ती जागा गेलेल्या माणसाची आहे. रांगेतील चेहरे खालून वर पाहायला मिळतात ते असे.

दुपारचा_चहा

सप्तपदी, हे माझ्या ध्यानातच आले नव्हते. पुढच्या खेपेला ते काम याच जागेवरून पाहीन.

आपल्याकडचा धागा निघालाच आहे तर नोंदवते. व्हायोला १९८० मध्ये जपानला गेले, तिथे झेन या बौद्ध पंथाच्या गुरूंकडे शिकले आणि सोनीच्या अत्सुगी येथील प्रयोगशाळेत कामही केले. १९८६ च्या त्यांच्या दीड तासाच्या चित्रफितीचे 'आय डू नॉट नो व्हॉट इट इज आय अ‍ॅम लाइक' हे नाव ऋग्वेदाच्या पहिल्या मंडलातील १६४व्या सूक्तातून घेतलेले आहे. म्हणून लगेच 'आपलेच त्यांनी उचलले' असे म्हणण्याची गरज नाही. ते सूफी, ख्रिस्ती संत, इजिप्तमधील मृतांचे ग्रंथ अशा सगळीकडून घेत असत, आणि या मोकळेपणामुळे काही वेळा त्यांची कामे सर्वधर्म-प्रार्थनेसारखी गुळगुळीत होतात, हाही आक्षेप मला पटतो.

तिसरी_घंटा

गती बदलून मरण दाखवण्याचे उलटे उदाहरणही द्यायला हवे. ब्रिटनच्या सॅम टेलर-जॉन्सन यांच्या 'अ लिटल डेथ' (२००२) मध्ये टांगलेला मेलेला ससा आणि शेजारी एक पीच फळ आहे. तिथे काळ प्रचंड वेगाने पळवला आहे. ससा फुगतो, त्याच्यावर अळ्या वळवळतात, तो खाली पाझरतो, आणि काही मिनिटांत केस व हाडेच उरतात. पीच मात्र शेवटपर्यंत जसेच्या तसे राहते, आणि त्याचीच जास्त भीती वाटते. मला हे व्हायोलांपेक्षा प्रामाणिक वाटते, कारण इथे अश्रूंना जागाच ठेवलेली नाही.

दुसरीकडे डग्लस गॉर्डन या कलावंताने १९९३ मध्ये हिचकॉक यांचा 'सायको' हा चित्रपट सेकंदाला सुमारे दोन फ्रेम या गतीने चोवीस तासांवर ताणला. त्यातील खून इतका लांबतो की भीती उरतच नाही. कृष्णधवल यांच्या हिशेबाने पाहिले तर तिथे एकही नवी फ्रेम नाही, तरी ते काम अर्थहीन नाही. तेव्हा 'माहिती वाढली तरच संथपणा खरा' हा नियम सरसकट लावता येणार नाही.

कृष्णधवल

मान्य. तिथे जुनीच फ्रेम जास्त वेळ समोर ठेवून कथा मोडली जाते, हा वेगळा उद्योग आहे. माझे म्हणणे फक्त चेहरा आणि शरीर यांच्यापुरते घ्यावे.

निशिगंध

इतके प्रतिसाद येतील असे वाटले नव्हते. मूळ प्रश्नाकडे येते. धागा वाचता वाचता माझे मत एका जागी स्थिर झाले आहे. नेहमीच्या वेगात घडूनही आपल्या नजरेतून निसटणारे काही जिथे संथ गतीमुळे हाती लागते, जसे त्या बाईच्या खांद्याचे खाली जाणे किंवा हसू येण्याआधीचे आवळलेले ओठ, तिथे मी त्याला दृष्टी म्हणेन. जिथे वातावरण तयार करण्यासाठी गती खाली आणली आहे, जसे पाण्याखालच्या त्या सात झोपलेल्या माणसांत, तिथे माझी शंका कायम आहे. आणि आईच्या मरणशय्येपाशी, रात्रपाळी म्हणाल्या तसे, गतीला हात लावायची गरजच नव्हती आणि व्हायोला यांनी तो लावला नाही. त्यांना हा फरक कळत होता, असा याचा अर्थ मी घेते. तिसरी_घंटा यांच्या संमतीच्या प्रश्नावर मात्र माझ्याकडे काहीच उत्तर नाही.

पुढच्या महिन्यात कामानिमित्त लंडनला जाणार आहे. सेंट पॉल कॅथीड्रलमधील त्यांचे काम पाहावे का?

लंडनकर_जोशी

जरूर पाहा. २०१४ पासून तिथे 'मार्टर्स (अर्थ, एअर, फायर, वॉटर)', म्हणजे माती, वारा, अग्नी, पाणी यांतील हुतात्मे, हे काम आहे, चार उभे पडदे शेजारी शेजारी, सुमारे सात मिनिटांचे, आवाज अजिबात नाही. पर्यटकांना तिकीट पडते. प्रार्थनेला बसायला पैसे लागत नाहीत, पण त्या वेळी हिंडून पाहता येत नाही. पहिल्या फेरीत सगळ्यांची नजर अग्नीच्या ज्वाळांत बसलेल्या माणसाकडे जाते. दुसऱ्या फेरीला थांबा आणि मातीच्या पडद्याकडेच पाहा. ढिगाऱ्याखाली गाडला गेलेला माणूस आहे, त्याच्या अंगावरची माती वर उडत जाते आणि तो हळूहळू मोकळा होऊन उभा राहतो. निशिगंध, तुमची कसोटी तिथे लावून पाहा. माती अंगावरून सुटत असताना त्याच्या मानेत आणि पाठीत काय होते ते दिसते का, हे परत आल्यावर इथेच लिहा.

खडूस_काका

आणि औदुंबररावांचे ते ग्रॅनाइटवाले काम कुठे लागलेले असेल तर तेही कळवा. मातीवाल्याविषयी निर्णय राखून ठेवतो. पाण्याखालच्या त्या सात जणांविषयी मात्र माझे मत तसूभरही हललेले नाही, मालवणकर ताईंचे लिहिणे वाचल्यावर तर नाहीच.